पाणखारची उघाडी

पाणखार गावठाण, नेरूळ (प.)
भाद्रपद शुद्ध प्रतिपदा

सौ. नमिताताईस,

धाकट्या केतनचा वाकून नमस्कार. भावोजींनाही नमस्कार (त्यांना वाकलेलं आवडत नाही, तरी मी वाकलोच आहे असं समजावं). तुझ्या मानेचा पट्टा सुटला का? भावोजी रात्रीचं गोड खातात का अजून? पेणेला पाऊस कसा आहे? इकडे सगळे खुशाल आहोत असं लिहायची रीत आहे म्हणून लिहून टाकलं, पण तसं काही नाही. माझं पोट पंधरा दिवस बिघडलेलं आहे, तुझ्या भावजयीच्या, सुचिताच्या, पायांना पुराच्या घाण पाण्याची खाज उठली आहे, खालच्या खोलीच्या भिंती कमरेपर्यंत काळ्या पडल्यात, आणि बाबा भिंतीकडे तोंड करून झोपलेत. शेवटची गोष्ट मी इतकी सहज लिहिली, पण पत्राचं कारण तेच आहे.

फोन का केला नाही म्हणशील. ताई, आपलं घर तुला ठाऊक आहे. बाबांची खाट आणि माझी खुर्ची यांत दोन हात अंतर. गॅलरीत जावं तर पलीकडे रंगूबाई बसलेली असते, आणि तिचं घर आपल्या घराला इतकं टेकलंय की मी इकडे खोकलो की ती तिकडून आलं घालून चहा पी म्हणते. जे मला सांगायचंय ते त्या दोघांनीही ऐकायचं नाही. म्हणून ऑफिसात बसून, कॉलेजच्या कागदावर, कॉलेजच्या पेनाने लिहितोय (प्राचार्य समोरून दोनदा गेले, त्यांना वाटलं मी फॉर्म तपासतोय आणि त्यांनी मान डोलावली. माझ्याबद्दल सगळ्यांचं मत चांगलं आहे, हीच माझी अडचण आहे).

आषाढ पौर्णिमेला बाबा पडले, नडगीचं हाड मोडलं, सहा आठवडे प्लास्टर, एवढं तुला सांगितलं होतं. बाथरूममध्ये पडले असंही सांगितलं होतं. ते खोटं. ते खाडीच्या बांधातल्या त्या मोरीपाशी, उघाडीवर पडले. हो, अजून जात होते. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी, पावसाळ्यात दर अमावास्या-पौर्णिमेच्या आसपासचे चार-चार दिवस, सकाळी फळ्या घालायला आणि दुपारी काढायला. आम्हाला वाटायचं, म्हातारा माणूस पाय मोकळे करायला जातो. फळ्या घालून परतताना शेवाळावरून पाय गेला, आणि तसेच बसत-सरकत जलतरंग हाइट्सच्या मागच्या गेटपर्यंत आले. वॉचमनने रिक्षा करून दिली. तो त्यांना चांगला ओळखतो. अकरा वर्षं दर खेपेला व्हिजिटर वहीत बाबा स्वतः लिहायचे : नाव गोटीराम, काम पाणी. त्यामुळे अख्ख्या सोसायटीचा समज असा, की हे आपले पंपवाले. दिवाळीला मिठाईचा एक बॉक्ससुद्धा मिळायचा. (तो सोनपापडीचा बॉक्स दरवर्षी कुठून येतो, हे आम्हाला आता कळलं.)

हॉस्पिटलातून आणल्यावर बाबांचं पहिलं वाक्य पायाबद्दल नव्हतं. म्हणाले, "अवसेला उघाडी कोन बगल?"  सुचिताने माझ्याकडे पाहिलं. बाबांनी मात्र माझ्याकडे पाहिलं नाही, छताकडे बघत म्हणाले, "नमी असती तर मना टेन्शन नवता."

ते खरंच आहे. तुला त्यांनी शिकवलं होतं. तिथीची पाऊणकी करायची की भरतीची वेळ येते, हे तू दहाव्या वर्षी तोंडी सांगायचीस. मला पावकी-निमकीत घाम फुटायचा. आणि मी नऊ वर्षांचा असताना त्या मोरीत चिंबोरीने नांगीत माझा अंगठा धरला, त्यानंतर मी त्या बाजूला फिरकलोच नाही. पुढे तुझं लग्न झालं आणि त्यांनी मला कधी विचारलंही नाही. छत्तीस वर्षं विचारलं नाही. आता विचारलं ते पाय मोडला म्हणून. मी हो म्हणालो. मी कशालाही हो म्हणतो.

अवसेच्या आदल्या दिवशी अर्धी रजा टाकून, घरची पहार खांद्यावर घेऊन निघालो (फळ्या उचकटायला पहार लागते). जलतरंग हाइट्सशी पोचलो तर वॉचमन नवीन. "किधर जाना है?" म्हटलं, खाडीवर. "फ्लॅट नंबर?" म्हटलं, फ्लॅट नाही, खाडी. तो मोबाइलच्या ॲपमध्ये खाडी शोधायला लागला. टॉवर आहेत ए, बी, सी आणि डी. खाडी कोणत्याच टॉवरमध्ये नाही. परवानगीशिवाय सोडता येत नाही म्हणाला, आणि त्याचंही बरोबर, पहार घेतलेल्या माणसाला कोण सोडेल? शेवटी मी वहीत लिहिलं : नाव केतन गोटीराम, काम पाणी. लगेच फाटक उघडलं. त्यांच्या जॉगिंग ट्रॅकवरून, कारंज्याला वळसा घालून मागे गेलो. मनात आलं, हे कारंजं आपल्या मोठ्या खाचरात आहे. आई इथे बांधावर बसून सुकट-भाकरी सोडायची. आता तिथे एक पाटी आहे, 'येथे बसू नये'.

बांधाचा तुकडा अजून आहे, दोनशे पावलांचा. दोन्ही बाजूंना कांदळवन इतकं माजलंय की वर आभाळाची फक्त चिरी दिसते. मी पन्नास पावलं गेलो असेन, तोच मागून शिट्टी. खाकीतला एक माणूस धावत आला. पुढचं तू ओळखलंस. कांदळवनात, सरकारी हद्दीत, पहारीसह, एकटा इसम. झाडं तोडायला आलाय किंवा डेब्रिज टाकायला जागा बघतोय, असा त्यांचा अंदाज. त्या माणसाने मला काहीही वेडंवाकडं न बोलता वनखात्याच्या पत्र्याच्या चौकीत नेलं, स्टूल दिलं, आणि साहेबांसमोर बसवलं.

साहेब तरुण होते, सभ्य होते. कागद पुढे घेऊन म्हणाले, "राहणार?"

"पाणखार."

"म्हणजे नेरूळ."

"नेरूळच्या आधीपासून."

त्यांनी पेन खाली ठेवलं. "सविस्तर सांगा," म्हणाले. ताई, मला आयुष्यात कुणी सविस्तर सांगा म्हटलेलं नव्हतं. मी सुटलोच. तुला हे सगळं माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे, पण त्या जबाबात सांगितल्यापासून ते माझ्या तोंडात बसलंय म्हणून लिहितो. सांगितलं, की इथून ते नेरूळच्या रस्त्यापर्यंत सगळं खार होतं. म्हणजे मुळात खाडीचाच भाग, आपल्या लोकांनी चिखलाचे बांध घालून मागे ढकललेला. बांधाच्या आत भात, बाहेर समुद्र, दक्षिणेला दोन मिठागरं, आणि मध्ये उंचवट्यावर पाणखार, चाळीस घरांचं. पावसाचं पाणी आत साठतं, ते बाहेर काढायला बांधात एक दगडी मोरी, तिला तीन फळ्या. तीच उघाडी. भरती यायच्या आधी फळ्या घालायच्या, म्हणजे खारं पाणी आत येत नाही. ओहोटी लागली की काढायच्या, म्हणजे आतलं पाणी वाहून जातं. चुकलं तर गावाचं वर्ष गेलं. हे काम आमच्या घराकडे. सुगीला प्रत्येक घरातून आम्हाला भात यायचं, गावदेवीच्या जत्रेत पहिला नारळ आमचा, आणि नारळी पौर्णिमेला गाव खाडीवर जायच्या आधी उघाडीवर नारळ ठेवायचा तो आमच्याच घरच्या माणसाने.

साहेबांनी विचारलं, तुमच्याच घराकडे का? मी पंढरी पणजोबांची गोष्ट सांगितली. उधाणाच्या दिवशी बांधाला खांड पडली, चिखल टाकला की वाहून जात होता, तेव्हा पणजोबा स्वतः खांडीत आडवे झाले आणि लोकांनी त्यांच्या अंगाभोवती चिखल रचून गाव वाचवलं. (रंगूबाईच्या घरात हीच गोष्ट वेगळी सांगतात. "कसला आडवा व्हतोय! ताडी पिऊन पडलेला खांडीत. लोकांनी वरून चिखल टाकला, ओहोटीला कललं का आत मानूस हाय." मी जबाबात आपल्या घरची आवृत्ती दिली.) मग जमिनी गेल्या, बांधावरून रस्ता गेला, खार भरून इमारती झाल्या, आणि भराव इतका उंच घातला की जे गाव उंचवट्यावर होतं ते आता खड्ड्यात आहे. पत्त्यात नेरूळ लिहावं लागतं. चाळीस घरांची तीनशे झाली, त्यांत आपली माणसं किती ते जत्रेलाच कळतं, भाडेकरूच जास्त. उघाडी मात्र उरली, कारण तिथपर्यंत कुणी पोचलंच नाही.

"पण आता आत शेत नाही," साहेब म्हणाले. "मग तुमचे वडील कशाला जातात?"

 उत्तर आलं ते कोपऱ्यातून. मला पकडून आणणारा तो खाकीतला माणूस म्हणाला, "सायेब, आमचा बा पाटकरी व्हता. क्यानॉलचं पानी शेतास्नी वाटून द्यायचा. रिटायर झाला तरी दिस उगवायला दारं बघाया जायाचा. त्येला कुनी सांगितलं न्हवतं, जा म्हून." त्याचं नाव शहाजी, साताऱ्याकडचा, माण तालुक्यातला. साहेबांनी जबाबाच्या शेवटी लिहिलं की सदर इसम गावच्या जुन्या रिवाजाप्रमाणे आला होता, झाडांस इजा नाही. मग मला म्हणाले, जायचं तर शहाजीला बरोबर घेऊन जा, आणि पहार तो धरेल.

दुसऱ्या दिवशी, ऐन अवसेला, शहाजी आणि मी सकाळी दहाला उघाडीवर होतो. मोरीच्या खाचांत तिन्ही फळ्या होत्याच, पंधरा दिवसांपूर्वी बाबांनी पडायच्या आधी घातलेल्या. आतल्या बाजूला पाणी वीतभर चढलेलं. शहाजी म्हणाला, आधी थोडं जाऊ द्या, अजून वेळ हाय. आम्ही पहार घालून दोघांनी पहिली फळी ओढली आणि ताई, इतक्या दिवसांचं ते काळं पाणी असं काही धडधडत निघालं, की मी, पंचेचाळीस वर्षांचा वरिष्ठ लिपिक, मोठ्याने ओरडलो. शहाजी हसत होता. अकरा वाजत आले, खाडीचं पाणी उलटं सरकायला लागलं, तेव्हा फळ्या परत घातल्या, फटींत चिखल लिंपला. मला पहिल्यांदा कळलं की बाबा इथे काय बघायला येत असतील. निघताना शहाजी म्हणाला, "मी उद्यापास्नं दुसऱ्या हद्दीत हाय, लांब. पन तुमी तिनाला या आन् काडा. चौकीत सांगून ठेवतो."

तिनाला मी गेलो नाही. कॉलेजात दोन दिवस बंद पडलेला सर्व्हर नेमका अडीचला सुरू झाला आणि खिडकीबाहेर पोरांची रांग लागली. संध्याकाळी जाऊ म्हटलं, संध्याकाळी पाऊस लागला. घरी गेलो तर बाबा उशीवर कोपर टेकून बसलेले. "काडल्यास?" मी म्हणालो, काढल्या.

इतकं सोपं होतं ते. त्यांनी विचारलं, पाण्याचा रंग कसा होता? मी म्हटलं, काळा, मग पिवळट. आवाज? मी सकाळचा आवाज सांगितला. पलीकडच्या खुंटावर खंड्या बसला होता का? म्हटलं, होता. (नव्हता.) बाबा हसले. म्हणाले, "तो असतोच." त्या दिवशी त्यांनी मला आपल्या ताटाशेजारी बसवून घेतलं. दुसऱ्या दिवशीही मी गेलो नाही, तिसऱ्या दिवशीही नाही, पण आल्यावर सगळं रंगवून सांगितलं. ते चुका काढायचे, फळी अशी नाही तशी धर म्हणायचे, आणि माझा अंगठा हातात घेऊन चिंबोरीचा जुना वण बघायचे. ताई, खरं सांगतो, माझ्या आणि बाबांच्या नात्यातला तो सगळ्यात चांगला पंधरवडा. आणि त्यात खरं असं फक्त अर्ध्या दिवसाचं होतं.

मग नारळी पौर्णिमा आली. सकाळी बाबांनी खाटेवर बसून स्वतः नारळाला हळद-कुंकू लावलं, माझ्या हातात दिला. "आज उघाडीवर नारल ठेव आनि मगच फल्या घाल," म्हणाले. बाहेर आदल्या संध्याकाळपासून पाऊस कोसळत होता. मी रेनकोट घातला, नारळ पिशवीत घातला, आणि कॉलेजात गेलो. आज नक्की जायचं असं ठरवून गेलो होतो, हे तुला पटो न पटो. साडेदहा झाले, अकरा झाले, विद्यापीठाकडून काहीतरी तातडीचं मागवलं होतं, पाऊस थांबेना, आणि मग बारा वाजून गेले, म्हणजे भरती झालीच, आता जाऊन काय उपयोग, असं स्वतःला समजावून मी डबा उघडला.

दीडला सुचिताचा फोन. गल्लीत पाणी घुसलंय, आपल्या उंबऱ्याच्या आत आलंय, बाबांची खाट मी एकटी उचलू शकत नाही. फोनमधून मागे बाबांचा आवाज ऐकू येत होता. ते खाटेवर बसून, दारातून दिसेल त्याला ओरडून सांगत होते, "घाबरू नका रं! पोर माजा उघाडीवर हाय. तीन वाजले का फल्या काडल, पानी उतरलाच समजा!"

रंगूबाईने मला नंतर सांगितलं, की लोक खरंच थांबले. जुनी माणसं होती ती म्हणाली, गोटीराम सांगतो म्हणजे उतरेल. भाडेकरूंना उघाडी म्हणजे काय तेही माहीत नाही, पण एक म्हातारा इतक्या खात्रीने सांगतोय म्हणून त्यांनीही गॅसच्या टाक्या उचलायचं थांबवलं, टेबलावर टेबल चढवून बसले. बाबा घड्याळ बघत होते. खाटेखाली पाणी, पाण्यात चपला, पातेली, रंगूबाईची सुकी मासळी. तीन वाजले. सव्वातीन. चार.

मी निघालो दीडलाच, पण रस्ते तुंबलेले, चालत पोचायला चार वाजले. गल्लीच्या तोंडाशी आलो आणि उभा राहिलो. रेनकोटमुळे माझा शर्ट कोरडा होता. विजारीला नुसतं रस्त्याचं पाणी. ताई, मी त्या कोपऱ्यावर वाकून गटाराकाठचा चिखल दोन्ही हातांनी उचलला, गुडघ्यांना, कोपरांना, थोडा कपाळाला लावला. मग आत गेलो. हे मी आजपर्यंत सुचितालाही सांगितलेलं नाही.

सगळ्या गल्लीने वळून पाहिलं. बाबांनी मला वरपासून खालपर्यंत बघितलं. अगदी हळू विचारलं, "काडल्यास ना रं?"

मी म्हणालो, काढल्या. तीनच्या ठोक्याला.

ते पाण्याकडे बघत राहिले. पाणी गुडघ्याच्या वर होतं आणि चढतच होतं. मग म्हणाले, "मंग उघाडीचा काय उपेग नाय."

एवढंच. आम्ही चौघांनी मिळून त्यांना खाटेसकट वरच्या माळ्यावर नेलं. पाणी साडेसातला उतरायला लागलं. दुसऱ्या दिवशी पालिकेचे एक इंजिनिअर पाहणीला आले, भला माणूस, त्यांनी भरती आणि ढगफुटीसारखा पाऊस एकदमच आल्याचं समजावून सांगितलं. मी त्यांना बाजूला घेऊन विचारलं, की आमची ती जुनी उघाडी बंद राहिली असेल तर त्यामुळे पाणी तुंबलं असेल का? त्यांनी टॅबवर नकाशा उघडला, दोन बोटांनी मोठा केला, अजून मोठा केला. "इथे तसं काही दाखवत नाही," म्हणाले. सोमवारी ऑफिसात गेलो तर शिपायाने माझ्या पिशवीतला नारळ फोडून सगळ्यांसाठी चटणी केली होती. (मीही खाल्ली. चांगली झाली होती.)

त्या दिवसापासून बाबा तिथी विचारत नाहीत. खालची खोली धुऊन त्यांना परत आणलं, प्लास्टर निघालं, डॉक्टर म्हणतात काठी घेऊन चालवा, पण ते उठत नाहीत. रंगूबाई मुद्दाम दारात येऊन पंढरी पणजोबांची ताडीची गोष्ट सांगून गेली, म्हटलं निदान भांडतील. भांडले नाहीत. म्हणाले, "असंल, तसाच असंल." काल श्रावणी अमावास्या होती. सकाळी नऊपासून मी त्यांच्यासमोर उगाच येरझारा घालत होतो, की आता विचारतील, आता विचारतील. दहाला त्यांनी कूस बदलली आणि भिंतीकडे तोंड केलं. ताई, हा माणूस असं समजून पडलाय की आपण जन्मभर एका मोरीत फुकट लाकडं घातली आणि काढली. आणि पाण्यात उभं असलेलं गाव आपल्या शब्दावर थांबलं, आणि आपला शब्द खोटा निघाला. तो त्यांचा नव्हता, माझा होता.

असो. तब्येतीला जप. वडीलधाऱ्यांना नमस्कार, लहानांना पाप्या, आणि ज्यांना यातलं काहीच नको त्यांना नुसती आठवण सांग.

तुझा,
केतन

ता. क. १ : एवढं सगळं लिहिलं ते एका कामासाठी. तू बाबांना फोन कर आणि सांग, की केतन त्या दिवशी उघाडीवर गेला नव्हता, पहिली अवस सोडली तर कधीच गेला नव्हता. तुला कसं कळलं विचारलं तर काहीही सांग. तुझं ते ऐकतात, आणि मला ते तोंडावर सांगायचं धाडस नाही. लवकर कर.

ता. क. २ : पत्र टाकायचं राहिलं, आज तीज. टाकलं नाही हे बरंच झालं. काल संध्याकाळी मी सांगितलं. ठरवून नाही, सुचिता त्यांना पेज भरवत होती, त्यांनी तोंड मिटलं, पेज दाढीवरून ओघळली, आणि माझ्या तोंडून निघून गेलं. चिखलाचंही सांगितलं. नारळाचंही. सुचिता वाटी धरून तशीच उभी.

बाबांनी दाढीवरची पेज पुसली. मग म्हणाले, "म्हंजे फल्या आतच व्हत्या? अवसेपासून?"

म्हटलं, हो.

"मंग बरोबर हाय," ते म्हणाले. "मंग पानी येनारच!" आणि ताई, ते उठून बसले. आपले आपण, हात टेकून. चेहरा असा झाला, की जत्रेत पहिला नारळ हातात घेतल्यावर व्हायचा तसा. त्यांनी रंगूबाईला हाक मारून भिंतीतून ओरडून सांगितलं, "ऐकलास का गं? यानं काडल्याच नवत्या! म्हनून पानी!" मग माझ्याकडे वळले आणि पितळी पेला फेकून मारला. (डाव्या भुवईला लागलाय, तीन टाके.) तासभर शिव्या दिल्या, त्यात आपल्या आजोळच्याही काही होत्या ज्या मी विसरलो होतो. मग दोन भाकऱ्या आणि बोंबलाचं कालवण मागून घेतलं. आता माझ्याशी बोलत नाहीत. खाट माझ्या खुर्चीपासून लांब सरकवायला लावली. आज गल्लीतलं कुणीही माझ्याशी बोलत नाही, कारण ज्याच्या त्याच्या घरातला फ्रिज आता माझ्या नावावर आहे. बाबा म्हणतात, नमीला बोलव, या कामाला माणूस पाहिजे. तर तू ये. फोनचं राहू दे.

ता. क. ३ : लिफाफा पुन्हा फोडला. आज शहाजी घरी आला होता, परत आमच्या हद्दीत आलाय. बाबांनी त्याला शेजारी बसवून घेतलं, दोघांचं दोन तास पाण्यावर बोलणं झालं. एकाचं गोडं, एकाचं खारं, पण जमलं. निघताना त्याने मला गल्लीत बोलावलं आणि हळूच सांगितलं, की तो सकाळी उघाडीवर जाऊन आला. मोरीत एकच फळी आहे. दोन वाहून गेल्यात. कधी गेल्या? त्या पुरात की त्याच्या आधीच कधीतरी, हे चिखलावरून कळत नाही म्हणाला. आधीच गेल्या असल्या तर मोरी उघडीच होती, तरी तीननंतर पाणी चढतच राहिलं, आणि मग ते माझ्यामुळे भरलं नाही. पण मग उघाडीने पाणी उतरतं हे बाबांचंही बरोबर नाही.

मी शहाजीला म्हटलं, हे इथेच राहू दे. तो म्हणाला, "राहिलं." तूही कुणाजवळ बोलू नकोस. बाबांना एवढंच सांगितलंय, की फळ्या कुजल्यात, नव्या पाहिजेत. ते लगेच म्हणाले, पेणेला ऐनाचं लाकूड चांगलं मिळतं, नमीला आनायला सांग, दोन बास, आणि गाठी नसलेलं बघून घे म्हनावं. पौर्णिमेच्या आत पाहिजेत. माप मी विचारलं तर सव्वातीन हात म्हणाले. माझा हात लावायला गेलो, तर माझ्या हाताने मोजू देईनात. म्हणून सोबत सुतळी पाठवतोय. जिथे गाठ आहे तिथपर्यंत फळी. गाठ त्यांनी स्वतः मारलीय, नीट सांभाळून काढ, सोडवू नकोस.